विचारपूस : डॅशबोर्डमधला कप्पा बंद राहत नाही

गाडीच्या डॅशबोर्डमधल्या कप्प्याविषयी, म्हणजे आपण ज्याला ग्लोव्ह बॉक्स म्हणतो त्याविषयी आलेल्या पत्रांपैकी चार पत्रे या वेळी एकत्र घेतली आहेत. पहिल्या पत्राचे उत्तर लांबले आहे. उरलेल्या तिघांनीही ते वाचावे, कारण त्यातला बराच भाग त्यांच्याही उपयोगाचा आहे.

प्रश्न : आमची नऊ वर्षांची लहान गाडी आहे आणि तिने माझे रोज कोथरूड ते हडपसर असे जाणे-येणे होते. गेल्या पावसाळ्यापासून डाव्या बाजूच्या कप्प्याचे झाकण गतिरोधक आला की आपोआप उघडते आणि शेजारी बसलेल्याच्या गुडघ्यावर आदळते. हाताने दाबून बसवले की ‘खट्’ असा आवाज येतो, परंतु पुढच्या गतिरोधकाला पुन्हा तोच प्रकार होतो. दुरुस्तीला नेल्यावर ‘खटका वेगळा मिळत नाही, सबंध झाकणच बदलावे लागेल’ असे सांगण्यात आले. सध्या सासऱ्यांनी झाकणाला चिकटपट्टी लावून दिली आहे. उन्हाने तिचा डिंक पाघळून डॅशबोर्डला लागला आहे. हा खटका घरच्या घरी दुरुस्त करता येईल का?
— एक वाचक, कोथरूड

उत्तर : करता येईल, आणि बहुधा फारसा खर्चही येणार नाही, मात्र खटक्याला हात लावण्याआधी तो खरोखर दोषी आहे का, हे पाहून घ्यावे. तुमच्या पत्रातला ‘खट्’ हा आवाज मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. खटका मोडला असता किंवा त्याची स्प्रिंग गेली असती, तर हा आवाज आलाच नसता आणि दाबलेले झाकण लगेच परत आले असते. आवाज येतो याचा अर्थ खटक्याचा आकडा समोरच्या कडीत शिरतो आहे, पण पुरता शिरत नाही. तो टोकावर टेकून राहतो आणि धक्का बसला की निसटतो. अशा वेळी खटका बदलणे म्हणजे चोर सोडून संन्याशाला फाशी देणे होय. हा न्याय मी स्वतःही एकदा केलेला आहे. माझ्या जुन्या गाडीत मोठ्या हौसेने नवा खटका बसवला, कात्रजच्या घाटातल्या पहिल्याच मोठ्या वळणावर झाकण पुन्हा खाली आले, आणि मग वाकून पाहिल्यावर दिसले की उजव्या बिजागरीची प्लॅस्टिकची खुंटी केव्हाच तुटलेली होती.

आधी रचना समजून घेऊ. झाकण खालच्या कडेला दोन बिजागऱ्यांवर फिरते आणि वरच्या कडेला, मुठीच्या मागे, खटका असतो. खटक्याचे दोन प्रकार सहसा दिसतात. एकात मध्यभागी एकच आकडा असतो आणि तो डॅशबोर्डमध्ये बसवलेल्या कडीत अडकतो. दुसऱ्यात मूठ ओढली की मधली चकती फिरते व तिला जोडलेल्या दोन दांड्या दोन्ही बाजूंनी आत खेचल्या जातात. मूठ सोडली की स्प्रिंगच्या जोरावर त्या बाहेर येऊन बाजूच्या खाचांत शिरतात. दोन दांड्यांच्या प्रकारात एकच दांडी आखडली तर झाकण एका कोपऱ्यातून वर उचललेले दिसते आणि पाहणाऱ्याला वाटते की झाकणच वाकले आहे.

पहिली परीक्षा फुकटची आहे : कप्पा पूर्ण रिकामा करावा आणि दोन दिवस गाडी तशीच चालवावी. माहितीपुस्तिकेचे जाडजूड पाकीट, विम्याच्या मागच्या पाच वर्षांच्या प्रती, टोल नाक्याच्या पावत्या, छत्री आणि खोकल्याच्या गोळ्या एवढे सगळे त्या कप्प्यात कोंबलेले असते, आणि ते झाकणाला आतून सतत रेटत राहते. नोंदणी प्रमाणपत्र, विमा आणि पीयूसी ही कागदपत्रे २०१८ पासून डिजिलॉकर किंवा एम-परिवहन या ॲपमध्ये दाखवली तरी ग्राह्य धरली जातात, त्यामुळे फायलीचे ओझे कप्प्यात बाळगण्याचे कारण आता उरलेले नाही. (हातमोजे ठेवायचे म्हणून या कप्प्याला ते नाव पडले. पुण्यात हातमोजे घालतात ते दुचाकीवरच्या मुली, स्कार्फ आणि सनकोटासह. चारचाकीच्या या कप्प्यात मी हातमोजे सोडून सर्व काही पाहिले आहे.)

रिकाम्या कप्प्याचे झाकणही उघडत असेल, तर ते बंद करून समोर उकिडवे बसावे आणि झाकणाच्या वरच्या कडेची फट डावीकडून उजवीकडे नीट न्याहाळावी. फट एका बाजूला रुंद आणि दुसऱ्या बाजूला चिंचोळी असेल, तर झाकण एका अंगाने खाली बसले आहे आणि दोष बिजागरीत आहे. खात्री करायची असल्यास झाकण खालून तळहाताने दोन-तीन मिलिमीटर वर उचलून मग बंद करावे. तसे केल्यावर ते घट्ट बसत असेल तर आणखी पुरावा नको.

फट सारखी असेल तर आकडा आणि कडी यांची गाठ कुठे पडते ते पाहावे लागेल. यासाठी फळ्यावरचा खडू पाण्यात बुडवून त्याचे बोट आकड्याच्या टोकाला लावावे, झाकण हलकेच बंद करून उघडावे आणि कडीवर पांढरा ठसा कुठे उमटला ते विजेरीच्या उजेडात बघावे. ठसा कडीच्या मधोमध असेल तर दोघांची गाठ बरोबर पडते आहे. तो खालच्या काठावर किंवा एका कडेला असेल, तर कडी सरकली आहे अथवा तिचे स्क्रू ढिले झाले आहेत. (खडूऐवजी कुंकू वापरू नये. फिक्या रंगाच्या डॅशबोर्डवरून ते निघत नाही, हे मी अनुभवाने सांगतो.) शेवटी झाकण उघडे ठेवून आकडा बोटाने दाबावा व सोडावा. तो झटकन मूळ जागी आला पाहिजे. रेंगाळत आला तर आत धूळ आणि वाळलेले ग्रीस साचले आहे. आलाच नाही तर स्प्रिंगचा पाय खाचेतून सुटला आहे. अशी सुटलेली स्प्रिंग तुटलेली नसते, तिला चिमट्याने पुन्हा जागेवर बसवता येते.

झाकण काढणे वाटते तितके अवघड नाही. एअर कंडिशनरचा फिल्टर बऱ्याच गाड्यांत याच कप्प्याच्या मागे असल्यामुळे तो बदलण्यासाठी झाकण सहज खाली यावे अशीच रचना केलेली असते. एका बाजूला झाकण सावकाश उघडावे म्हणून दोरीचा किंवा छोट्या दट्ट्याचा दांडा असेल, तर त्याचे टोक खुंटीवरून आधी सोडवावे. मग कप्प्याच्या दोन्ही भिंती दोन्ही हातांनी आतल्या बाजूला दाबाव्यात, म्हणजे कडेचे अडसर डॅशबोर्डच्या चौकटीतून निसटतात आणि कप्पा पूर्ण खाली लोंबतो. त्यानंतर खालच्या बिजागऱ्या आपल्याकडे ओढल्या की बहुतेक गाड्यांत त्या सुटून येतात. काही गाड्यांत तेथे स्क्रू असतात, ते आधी काढावे लागतात. थंडीच्या दिवसांत पहाटे हे काम करू नये, गार प्लॅस्टिक दाबले की तडकते. खटका उघडायचा तो परातीत जुना टॉवेल अंथरून त्यावर उघडावा आणि प्रत्येक पायरीचा मोबाइलवर फोटो काढावा. त्यातली स्प्रिंग एकदा उडाली की सोसायटीच्या पार्किंगमध्ये ती पुन्हा सापडत नाही.

दोष सापडल्यावर उपाय त्यावरच अवलंबून आहे. कडी सरकली असेल तर तिचे स्क्रू सैल करून ती खडूच्या ठशाप्रमाणे वर-खाली घ्यावी आणि पुन्हा आवळावी. आवळताना स्क्रू नुसताच फिरत राहिला तर प्लॅस्टिकमधले आटे गेले आहेत. त्या भोकात केबल टायचा पातळ तुकडा सरकवून तोच स्क्रू बसवावा, किंवा तेवढ्याच लांबीचा पण एक नंबर जाड स्क्रू घ्यावा. लांब स्क्रू कधीही घेऊ नये, तो कुठे आणि कशात घुसेल ते बाहेरून दिसत नाही. ही खबरदारी एअरबॅगसाठीही आहे. प्रवाशाच्या बाजूची एअरबॅग कप्प्याच्या वरच्याच भागात असते. नव्या मॉडेलांना ती १ एप्रिल २०२१ पासून आणि आधीपासून विक्रीत असलेल्या मॉडेलांना ३१ डिसेंबर २०२१ पासून सक्तीची झाली. तुमची गाडी त्याआधीची असली तरी तिच्यात ती असू शकते. म्हणून ड्रिल वापरू नये, पिवळ्या रंगाच्या वायरी आणि पिवळे कनेक्टर दिसले तर त्यांना स्पर्श करू नये, आणि डॅशबोर्डचा वरचा भाग उघडण्याची वेळ आली तर ते काम कारागिरावर सोपवावे. नुसते झाकण काढण्यासाठी मात्र एवढे घाबरण्याचे कारण नाही.

बिजागरीची खुंटी तुटलेली असेल तर लोकांचा पहिला उपाय फेव्हिक्विक असतो, आणि तोच बहुधा फसतो. सुटा भाग उलटा करून पाहिला तर त्यावर बारीक अक्षरांत प्लॅस्टिकचा प्रकार कोरलेला दिसतो. ‘एबीएस’ असेल तर असा डिंक किंवा दोन नळ्यांचा इपॉक्सी पकड घेतो. ‘पीपी’ म्हणजे पॉलिप्रॉपिलीन, किंवा ‘पीओएम’ असेल तर या दोन्ही प्लॅस्टिकांवर साधा डिंक धरत नाही. पृष्ठभाग मेणासारखा असल्याने वाळलेला थर नखाने सोलून निघतो. अशा ठिकाणी तुटलेली खुंटी कापून तेथे योग्य जाडीचा स्क्रू किंवा धातूची पिन आतल्या बाजूने वॉशर लावून बसवणे हाच टिकाऊ मार्ग आहे. काम बारकाईचे आहे, पण मध्यम कुवतीच्या माणसाला एका रविवारी दुपारी जमते.

खटकाच गेला असेल तर ‘सबंध झाकणच घ्यावे लागेल’ हे उत्तर अंतिम समजू नये. अनेक मॉडेलांचे मूठ आणि खटका एकत्र असे सुटे मिळतात. जुना भाग पिशवीत घालून आणि नोंदणी प्रमाणपत्रावरचा १७ अक्षरांकांचा चासी क्रमांक लिहून घेऊन नाना पेठेतल्या सुट्या भागांच्या दुकानांत चौकशी करावी. नुसते मॉडेलचे नाव सांगून भागत नाही, कारण एकाच नावाच्या गाडीत उत्पादनाच्या वर्षानुसार खटका बदललेला असू शकतो आणि रंगही काळा की बदामी हा प्रश्न असतोच. तेथे नाहीच मिळाला तर बुधवारी किंवा रविवारी जुन्या बाजारात एक फेरी मारायला हरकत नाही. मात्र तेथे घेतलेला खटका पैसे देण्यापूर्वी दहा वेळा दाबून पाहावा.

चिकटपट्टी आजच काढून टाकावी. अमेरिकेच्या २०१ क्रमांकाच्या संघीय वाहन-सुरक्षा मानकात गाडीतल्या कप्प्यांची झाकणे धडकेच्या परीक्षेत बंदच राहिली पाहिजेत अशी अट आहे, आणि त्यामागचे कारण तुमच्या शेजारी बसणाऱ्यांच्या गुडघ्यांना ठाऊक झालेलेच आहे. डिंकाचे डाग थोडे खोबरेल तेल चोळून दहा मिनिटे ठेवले की मऊ पडतात, मग साबणाच्या ओल्या फडक्याने पुसावेत. हे तेल खटक्यात मात्र जाऊ देऊ नये. का, ते पुढच्या पत्रात येते.

प्रश्न : माझी तक्रार उलटी आहे. कप्पा सकाळी उघडतच नाही आणि दुपारी विनासायास उघडतो. दिवाळीच्या सुमारास मूठ ओढताना करकर आवाज येत असे, म्हणून मी खटक्यात घरातले थोडे तेल सोडले होते. महिनाभर उत्तम चालले आणि डिसेंबरपासून हे सुरू झाले. आमच्या चष्म्याची पेटी आणि मंडळाच्या सभासदांची यादी त्यात असते व सकाळी टेकडीवर फिरायला जाताना नेमकी तीच लागते. खटका बदलावा का?
— एक ज्येष्ठ वाचक, सदाशिव पेठ

उत्तर : तेल कोणते, ते आपण लिहिलेले नाही, परंतु दिवाळी, घरातले तेल आणि डिसेंबर हे तीन शब्द एकत्र आले की ते खोबरेल असणार, असे मी धरून चालतो. खोबरेल तेल साधारण २४ अंश सेल्सिअसच्या खाली गोठते. पुण्यात डिसेंबर-जानेवारीत पहाटेचे तापमान १०-१२ अंशांवर येते, तेव्हा न्हाणीघरातल्या बाटलीत जे होते तेच आपल्या खटक्यात होते. आकडा त्या गोठलेल्या तेलात रुतून बसतो आणि मूठ ओढली तरी मागे सरकत नाही. दुपारी गाडी उन्हात तापली की तेल वितळते आणि कप्पा शहाण्यासारखा उघडतो. खटका निर्दोष आहे, तो बदलू नये.

सकाळी अडलेच तर एका तळहाताने झाकण आत दाबून धरावे व दुसऱ्या हाताने मूठ ओढावी. आत दाबल्याने आकड्यावरचा ताण कमी होतो आणि बऱ्याचदा तेवढ्याने काम होते. जोराने हिसका मात्र देऊ नये, मूठ प्लॅस्टिकची आहे आणि ती आधी तुटते. नंतर एखाद्या दुपारी कप्पा उघडून कान साफ करण्याच्या काडीला आयसोप्रोपिल अल्कोहोल लावून आकडा, स्प्रिंग आणि खाचा पुसून घ्याव्यात. काडी स्वच्छ निघेपर्यंत हे करावे. पेट्रोल किंवा थिनर वापरू नये, त्याने काही प्लॅस्टिक विरघळते आणि काहींना केसासारख्या चिरा पडतात. साफ झाल्यावर सिलिकॉनचा फवारा काडीवर घेऊन तेवढाच लावावा. कप्प्याला किल्लीचे कुलूप असेल तर त्याच्या भोकात तेल न घालता ग्रॅफाइटची पूड घालावी, कारण तेलावर धूळ बसून कुलूप काही महिन्यांत पुन्हा आखडते.

प्रश्न : कप्प्याची मूठ तुटल्यावर अभियांत्रिकीला असलेल्या माझ्या मुलाने मोजमाप घेऊन ती थ्रीडी प्रिंटरवर छापली. मूठ हुबेहूब झाली, पण एप्रिलमध्ये आठवडाभरात ती वाकून आकडा ओढेनाशी झाली. मुलाचे म्हणणे मोजमाप चुकले, माझे म्हणणे कल्पनाच चुकली.
— एक वाचक, निगडी

उत्तर : दोघेही चुकलेले नाहीत, चुकले आहे ते प्लॅस्टिक. घरगुती प्रिंटरवर बहुतेक जण पीएलए वापरतात आणि ते सुमारे ६० अंशांना मऊ पडू लागते. एप्रिलच्या उन्हात काचा बंद करून उभ्या केलेल्या गाडीचा डॅशबोर्ड त्यापलीकडे सहज जातो, आणि मुठीवर स्प्रिंगचा ताण चोवीस तास असतो. त्यामुळे ती हळूहळू वाकणारच. तीच मूठ एबीएसमध्ये छापावी, ते साधारण १०० अंशांपर्यंत दम धरते. छापताना मूठ आडवी ठेवावी, म्हणजे थर मुठीच्या लांबीच्या दिशेने जातील. उभी छापली तर हाताचा जोर थरांच्या सांध्यांवरच येतो आणि मूठ नेमकी बिजागरीजवळ तुटते. चिरंजीवांना एक शाबासकी माझ्याकडूनही द्यावी.

प्रश्न : कप्प्याचा खटका ढिला झाला आहे, पण झाकण उघडत नाही म्हणून मी दुर्लक्ष केले. गेल्या महिन्यात चार दिवस गावाला जाऊन आलो तर गाडीची बॅटरी पूर्ण उतरलेली होती. मेकॅनिकने बॅटरी चांगली आहे असे सांगितले. या दोन गोष्टींचा काही संबंध असू शकतो का?
— एक वाचक, बाणेर

उत्तर : असू शकतो, आणि तो पाच मिनिटांत तपासता येतो. कप्प्यात दिवा असेल तर झाकणाच्या काठाशी एक छोटे दाबबटण असते; झाकण पुरते मिटले की ते दाबले जाऊन दिवा विझतो. खटका ढिला असला की झाकण मिटलेले दिसते पण दोन-तीन मिलिमीटर बाहेर राहते, बटण दाबले जात नाही आणि दिवा आत जळत राहतो. असा दिवा साधारणपणे ५ वॅटचा असतो. १२ व्होल्टवर तो ०.४ अँपिअरच्या आसपास वीज घेतो, म्हणजे दिवसाला सुमारे १० अँपिअर-तास. लहान गाडीची ३५ अँपिअर-तासांची बॅटरी तीन-साडेतीन दिवसांत रिकामी होते. आपण चार दिवस गेला होता.

तपासण्यासाठी गाडी बंद करून किल्ली काढावी, मोबाइलवर चित्रीकरण सुरू करावे, तो कप्प्यात भिंग वर करून ठेवावा व झाकण नेहमीसारखे लावावे. मिनिटभराने काढून पाहावे. चित्रात अंधार झाला तर बॅटरी दुसऱ्या कशामुळे उतरली असे समजावे. उजेड तसाच राहिला, तर वरच्या पहिल्या उत्तरातली खडूची परीक्षा करून कडी दोन मिलिमीटर आत घ्यावी आणि हाच प्रयोग पुन्हा करावा. ते काम होईपर्यंत पुन्हा गावाला जायचे असेल, तर दिव्याचा बल्ब काढून कप्प्यातच एका पाकिटात ठेवावा.